एका डोळ्याने सरळ, दोन डोळ्यांनी वाकडं

माझ्या धाकट्या दिरांना सगळे गुण्या म्हणतात. हे त्यांचं नाव नव्हे. गुण्या म्हणजे सुताराचं काटकोन तपासायचं हत्यार. कोपऱ्याला लावलं की कोपरा खरा की खोटा ते लगेच कळतं. आमचे भावजी तसेच. कुणाकडे पाहुणे म्हणून गेले तरी आधी खिडकीची चौकट बघतील, मग माणसं. चौकट वाकडी असली तर त्यांना त्या घरचा चहाही गोड लागत नाही. लग्नाचं विचारलं की म्हणायचे, "वहिनी, आधी हे टेबल सरळ होऊ दे." टेबलं सरळ होत गेली, भावजी पन्नाशीला टेकले, आणि लग्न राहिलं ते राहिलंच.

खाली सुतारकामाचा कारखाना आणि वर आम्ही राहतो, असं आमचं घर आहे. लाकूड कापणं, रंधणं, सांधे बसवणं हे भावजींचं काम. घासणं आणि पॉलिश करणं हे आमच्या ह्यांचं, म्हणजे त्यांच्या थोरल्या भावाचं. गिऱ्हाइकांशी बोलणं माझ्याकडे, कारण दोघा भावांना मिळून देवाने एकच जीभ दिलीय आणि तीही ते वापरत नाहीत. तिघांचं असं बरं चाललं होतं.

आता एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळायचं नाही. सुतार फळीची कड तपासतो तेव्हा फळी डोळ्यासमोर धरतो, एक डोळा मिटतो आणि दुसऱ्याने कडेवरून पार टोकापर्यंत बघतो. कुठे केसभर फुगवटा असला तरी त्याला दिसतो. भावजी हे दिवसातून इतक्या वेळा करायचे की त्यांचा एक डोळा मिटलेला असणं ही आमच्या दृष्टीने बातमीच नव्हती. लोहाराचे हात काळे असतात, सुताराचा एक डोळा मिटलेला असतो, यात काय बघायचं! म्हणूनच त्यांची डावी पापणी खाली यायला लागली तेव्हा घरातल्या एकाच्याही लक्षात आलं नाही.

लक्षात आलं ते गिऱ्हाइकांच्या, पण भलत्याच अर्थाने. एक शिक्षिकाबाई कपाट करून घ्यायला आल्या होत्या. भावजी म्हणाले, "पुढच्या आठवड्यात देतो," आणि बोलता बोलता त्यांची पापणी हळूच खाली आली. बाई मला बाजूला घेऊन विचारतात, "हे आठवडा म्हणतात आणि डोळा मिचकावतात. खरं समजू की थट्टा?" मी हसून वेळ मारून नेली. बाई मात्र हसल्या नाहीत. दुसऱ्या सुताराकडे गेल्या आणि जाताना आमच्या दाराकडे असं बघून गेल्या की मला दोन दिवस जेवण गोड लागलं नाही.

मग आलं ते दोन झडपांचं दार. एका दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीसाठी होतं, चांगलं जाड लाकूड, दोन्ही झडपा मध्ये एकमेकींना भेटणाऱ्या. भावजींनी सकाळी झडपा रंधून सरळ केल्या, एक डोळा मिटून तपासल्या, खूश झाले. चौकटीत बसवल्या आणि संध्याकाळी लांब उभं राहून दोन्ही डोळ्यांनी बघितलं, तर त्यांना मधली रेघ फाकलेली दिसायला लागली. वर एक, खाली दोन. पुन्हा झडप काढली, रंधा फिरवला, पुन्हा बसवली. तरी वाकडीच. अंधार पडला म्हणून काम थांबवलं. सकाळी बघतात तर झडपांच्या मध्ये बोट जाईल एवढी फट!

"एवढं मी काढलंच नव्हतं," भावजी म्हणाले.

कारखान्यात दुसरं कोण? ह्यांनी रात्रीच कडेवरून पॉलिशपेपर फिरवला होता, नेहमीसारखा. झालं, वड्याचं तेल वांग्यावर निघालं. "दादा, तू घासताना कड खाल्लीस."

"मी फक्त हात फिरवला रे."

"हात फिरवून बोटभर लाकूड जातं होय?"

ह्यांचा उलट बोलायचा स्वभावच नाही. पण त्या दिवसापासून ह्यांचा हात बिचकला. कडेजवळ गेले की पेपर उचलायचे, मग कड खरखरीत राहायची, मग भावजी त्यावरून बोलायचे. दार नव्याने करावं लागलं. दुसऱ्या वेळीही तोच प्रकार. आता भावजींनी लाकूडवाल्याला धरलं. ओलं लाकूड दिलंस, ते मुरडतंय, म्हणाले. लाकूडवाला बिचारा गुण्या घेऊन आला आणि सगळे कोपरे लावून दाखवून गेला. सगळे काटकोनात. भावजींनी हत्यारावर विश्वास ठेवला नाही, स्वतःच्या डोळ्यावर ठेवला. तीस वर्षं त्या डोळ्याने त्यांना फसवलं नव्हतं, मग आताच का ठेवू नये? मला मात्र मनात येत होतं, नाचता येईना अंगण वाकडं. तोंडावर म्हणाले नाही, एवढीच माझी माणुसकी.

एका दुपारी हातोडा खिळ्यावर न पडता अंगठ्यावर पडला. नख काळंनिळं झालं. मी हळद लावायला गेले तर म्हणाले, "वहिनी, ह्या घरात आता माझं मन लागत नाही. दादाला सांगा, आपण वेगळं होऊ. लाकूड कापायचं यंत्र तो ठेवेल की मी, ते ठरवा."

मी कपाळाला हात लावला. दोघे भाऊ लहानपणापासून एकाच फळीच्या दोन टोकांना उभे राहिलेले. एकाने सोडलं तर दुसऱ्याच्या पायावर पडेल, एवढं साधं. आणि हे मला सांगतायत, दादाला सांगा!

त्या रात्री जेवताना दोघे समोरासमोर बसले होते आणि एकमेकांकडे बघत नव्हते. मी मात्र बघत होते, कारण मला दुसरा उद्योग नव्हता. भावजी डावा डोळा मिटून जेवत होते. घास उचलताना मिटलेला, पाणी पिताना मिटलेला. मग पाणी घ्यायला तांब्या उचलला आणि धार पेल्याच्या बाजूला ताटात सोडली.

"भावजी," मी म्हटलं, "जेवताना कोण कड तपासतं हो?"

"काय?"

"डोळा का मिटलाय? ताट काय सरळ करायचंय?"

त्यांनी तांब्या खाली ठेवला. मग हळू आवाजात म्हणाले, "उघडला की दोन पेले दिसतात, वहिनी." आणि थोड्या वेळाने, "गेले दोन-तीन महिने. संध्याकाळी जास्त."

ह्यांचा घास हातातच राहिला. मला एकदम भडभडून आलं. रागही आला, की अहो, एवढं पोटात ठेवून आम्हाला कसलं भांडवत होतात! पण भावजींच्या चेहऱ्याकडे बघून राग गिळला. घाबरलेला माणूस होता तो. सुताराचे डोळे गेले तर उरलं काय, हे त्यांनी कुणालाही न विचारता मनाशी ठरवून टाकलं होतं. वेगळं व्हायचं होतं ते भावाच्या रागाने नव्हे. आपण निकामी झालेलं भावाला दिसू नये म्हणून.

दुसऱ्या दिवशी सकाळी डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. रात्रभर झोप झालेली, सकाळची वेळ. भावजींचे दोन्ही डोळे टक्क उघडे, शेवटच्या ओळीतली बारीक अक्षरंही धडाधड वाचली. गाडी मेकॅनिकसमोर नेली की खडखडाट बंद होतो, तसं. मी खोटारडी ठरायची वेळ आली. पण बाई समंजस. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं, दाराचं, डोळा मिचकावण्याचं, पेल्याचं. मग म्हणाल्या, "दमल्यावर होतं म्हणता ना? मग दमवून आणा. आज दिवसभर काम करू दे आणि संध्याकाळी या."

अशी अपॉइंटमेंट मी जन्मात ऐकली नव्हती. भावजींनी दिवसभर रंधा चालवला आणि डोक्यात भुसा घेऊनच आम्ही तिघे गेलो. बाईंनी त्यांना छताकडे बघायला लावलं. "पापणी न हलवता बघत राहा." भावजी बघत राहिले आणि डावी पापणी हळूहळू, दुकानाचं शटर ओढावं तशी, खाली आली. मग बाईंनी रबरी हातमोज्यात बर्फ भरला, मिटलेल्या डोळ्यावर थोडा वेळ धरला आणि काढला. डोळा उघडा! हे चटकन उठून उभे राहिले. "म्हणजे बर्फाने बरं होतं?" ह्यांनी विचारलं. घरी महिन्याभरात हे एवढं लांब वाक्य बोलले नव्हते.

"बरं होत नाही," बाई म्हणाल्या, "पण काय झालंय ते त्याने सांगितलं."

पुढच्या आठवड्यात नसांच्या डॉक्टरांकडे गेलो. भुवईजवळ बारीक सुई टोचून तपासणी झाली, रक्त झालं, छातीचा फोटो झाला, कारण तिथल्या एका ग्रंथीचा कधीकधी ह्या आजाराशी संबंध असतो. ग्रंथी ठीक निघाली. आजाराचं नाव मायस्थेनिया ग्रॅव्हिस. डॉक्टरांनी साध्या भाषेत सांगितलं. मेंदू स्नायूला निरोप धाडतो, पण निरोप घेणाऱ्या जागा शरीराच्याच संरक्षक फौजेने चुकून बुजवल्यात. पहिले काही निरोप पोचतात, सारखे धाडत राहिलं की पोचेनासे होतात. म्हणून सकाळी ठीक, संध्याकाळी नाही. डोळ्यांचे स्नायू दिवसभर राबतात, म्हणून बहुतेकांना आधी तिथेच दिसतं. दोन्ही डोळे एका दिशेने वळत नाहीत, म्हणून दोन-दोन दिसतं, आणि एक मिटला की पुन्हा एकच.

"म्हणजे फळी एका डोळ्याने बघितली तर सरळ," भावजी सावकाश म्हणाले, "आणि दार दोन डोळ्यांनी बघितलं तर वाकडं."

"अगदी बरोबर."

भावजी ह्यांच्याकडे वळले. कितीतरी दिवसांनी सरळ तोंडाकडे बघितलं असेल. "दादा, दार मीच खाल्लं."

"लाकूडच होतं," हे म्हणाले. "खाल्लंस तर खाल्लंस."

माझा जीव तिथे अर्धा भांड्यात पडला. उरलेला अर्धा अजून वर होता, कारण डॉक्टरांनी पुढचंही सांगितलं. काहींचा आजार डोळ्यांपुरताच राहतो. काहींचा पुढे गिळण्यात, बोलण्यात, श्वासात उतरतो, आणि उतरायचा असेल तर बहुधा पहिल्या दोन वर्षांत. तेवढं डोळ्यांत तेल घालून बघायचं. गिळताना अडलं, आवाज नाकात गेला, धाप लागली, तर विचार करत बसायचं नाही, थेट रुग्णालय. दुसऱ्या कुणाही डॉक्टरकडे गेलात तर आधी हा आजार सांगायचा, कारण काही औषधं ह्याला चालत नाहीत. आणि दोन-दोन दिसणं थांबेपर्यंत कापायच्या यंत्राला हात लावायचा नाही.

"आणि थांबलंच नाही तर?" भावजींनी विचारलं.

"प्रयत्न करू," डॉक्टर म्हणाले. खोटं बोलले नाहीत, हे मला आवडलं. त्या क्षणी मात्र थोडं खोटं बोलले असते तरी चाललं असतं.

घरी आल्यावर ह्यांनी पहिलं काम केलं ते यंत्राची किल्ली काढून खिशात घातली. भावजी बघत होते. लाकूड कापायचं काम ह्यांनी घेतलं, आयुष्यात कधी मनापासून न केलेलं. फळी कापली की भावजींपुढे धरायची, ते एक डोळा मिटून सांगायचे, "कचरा." हे पुन्हा कापायचे. माझे मितभाषी यजमान त्या काळात काय काय पुटपुटायला शिकले, ते इथे लिहिण्यासारखं नाही.

गोळ्या सुरू झाल्या. पहिल्या आठवड्यात पोटाने बंड पुकारलं, मग खाऊन घ्यायला लागले तसं निभलं. चष्म्याच्या एका काचेवर धुरकट पट्टी लावली, की एक डोळा उघडा असून नसल्यासारखा. आज डावी काच, उद्या उजवी. पण एका डोळ्याने अंतर कळत नाही. पहिल्या दिवशी भावजी खिळ्याऐवजी हवेवर हातोडा मारत होते. जिन्याच्या पायऱ्यांच्या कडांना मी पिवळी पट्टी चिकटवली. भावजींनी ती सगळी काढली आणि पुन्हा लावली, कारण मी वाकडी लावली होती. तेव्हा मला वाटलं, हा माणूस काही एवढ्यात हार मानायचा नाही.

पापणीसाठी चष्मेवाल्याने फ्रेमच्या आतून एक बारीक तार बसवून दिली, तिच्यावर पापणी टेकते. "छताला टेकू लावतात, तसा पापणीला," भावजी म्हणाले. चष्मेवाल्याची तार पाहून तोंड वाकडं केलं आणि घरी येऊन ती स्वतः पुन्हा वाकवून नीट बसवली. सुताराला टेकू कुणी शिकवायचा?

दिवसाची घडी बदलली. बारीक काम सकाळी, डोळे ताजे असताना. जेवणानंतर झोप, हा डॉक्टरांचा हुकूम. ज्या माणसाला दिवसा आडवं पडलेलं कुणी पाहिलं नव्हतं, तो कारखान्यात बाकावर भुशाच्या पोत्याला टेकून घोरायला लागला. गिऱ्हाईक आलं की हे दाराशीच अडवायचे, "ते झोपलेत. उठले की तुमचं कपाट आणखी सरळ होईल." दुपारनंतर हाताने चाचपून करायची कामं. उन्हात बाहेर जाताना काळा चष्मा, त्यात ते कुणी बडे असामी वाटायचे, आणि ते त्यांना आवडायचंही, कबूल करत नाहीत एवढंच. कारखान्यात कोणी आलं की मी आधीच सांगून टाकायची, "त्यांची पापणी पडते, त्याचा बोलण्याशी संबंध नाही." एकदा शिक्षिकाबाई रस्त्यात भेटल्या, त्यांनाही सांगितलं. त्यांनी मनापासून चौकशी केली आणि एका खुर्चीचं काम दिलं.

एकदाच पाचावर धारण बसली. चहा पिता पिता भावजींना ठसका लागला, डोळे पांढरे, बोलता येईना. मी चप्पल न घालता रस्त्यावर धावले, रिक्षा थांबवली, ह्यांनी त्यांना उचलूनच आत घातलं. रुग्णालयात पोचेस्तोवर भावजी नीट बोलायला लागले होते. तपासून डॉक्टर म्हणाले, गिळणं उत्तम आहे, श्वास उत्तम आहे, चहा चुकीच्या नळीत गेला. "काय करत होतात पिताना?" भावजींनी खाली मान घातली. चहा पिताना ते हसत होते. ह्यांनी कापलेली फळी बघून हसत होते. परतताना आम्हीही तिघे रिक्षात इतके हसलो की रिक्षावाल्याने आरशातून दोनदा बघितलं.

आणखी एक औषध हळूहळू वाढवलं, मग हळूहळू कमी केलं. दोन-दोन दिसणं आधी फक्त संध्याकाळी राहिलं, मग थकल्यावर, मग आठवड्यातून एखाद्या वेळी. चष्म्यावरची पट्टी कोपऱ्यातून सुटली आणि कित्येक दिवस कुणी पुन्हा लावली नाही. दोन वर्षं उलटल्यावरच्या तपासणीत डॉक्टरांनी छताकडे बघायला लावलं. आम्ही दोघे भिंतीशी उभे, भावजींच्या पापणीकडे टक लावून, जणू आमच्या बघण्यानेच ती वर राहणार होती. ती राहिली. थोडी थरथरली, पण राहिली.

"डोळ्यांच्या पुढे गेलेलं नाही," डॉक्टर म्हणाले, "आता जाण्याची शक्यता बरीच कमी. गोळ्या आणि दुपारची झोप सोडायची नाही. दमलात की थांबायचं. आणि सकाळच्या वेळात यंत्र चालवायला माझी हरकत नाही."

मला एवढं हायसं वाटलं की तिथल्या खुर्चीत मी मटकन बसले आणि रडले. लाज वाटली नाही. एवढी रडण्याची सोय मी दोन वर्षं राखून ठेवली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ह्यांनी खिशातून किल्ली काढून भावजींच्या हातावर ठेवली. आणि स्वतः बाहेर गेले. पायरीवर रस्त्याकडे तोंड करून बसले. "आत या ना," मी म्हटलं. "मला नाही बघवत," म्हणाले. आत यंत्र सुरू झालं. पात्याचा आवाज आधी मोकळा, मग लाकडात शिरल्यावर जड, मग पुन्हा मोकळा. दर वेळी आवाज जड झाला की ह्यांचे खांदे वर जायचे. मी शेजारी बसून राहिले.

यंत्र बंद झालं. भावजी बाहेर आले, हाताच्या केसांवर भुसा. हे उठले, त्यांचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले, उलटे करून पाहिले, सुलटे करून पाहिले, एकेक बोट चाचपून पाहिलं. ह्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला ह्यांचा हात मोकळा नव्हता.

"दहाच आहेत, दादा," भावजी म्हणाले. "मलाही दहाच दिसतायत."